बटाटा, अळंबी आणि पुरणयंत्र

मॅश्ड पोटॅटोला मराठीत शब्द नाही. बटाट्याचं भरीत म्हणावं तर त्यात दही आलं, हिरवी मिरची आली, वरून हिंग-जिऱ्याची फोडणी आली, म्हणजे तो वेगळाच पदार्थ झाला. कुस्करलेले बटाटे म्हणावं तर बाजूला बेसन भिजवलेलं असणार आणि आता थोड्या वेळात वडे तळले जाणार असं वाटतं. तेव्हा मंडळी, आजच्यापुरतं आपण त्याला नुसतं 'मॅश' म्हणू. आमच्या घरात तसंच म्हणतात. आई 'म्याश' म्हणते.

या मॅशची आणि माझी पहिली गाठ २००६ साली मिनियापोलिसला पडली. कंपनीने तीन महिने म्हणून पाठवलं होतं, ते नेहमीप्रमाणे नऊ झाले. बाहेर उणे वीस, आत ऑफिसचं कॅन्टीन. तिथल्या बाई पळीभर पांढरा बटाटा ताटात घालायच्या, पळीच्या पाठीने त्यात एक खड्डा करायच्या आणि त्या खड्ड्यात मशरूमची तपकिरी ग्रेव्ही ओतायच्या. टीममधला एक जण म्हणायचा, हे आमचं कम्फर्ट फूड. मी मनात म्हणायचो, बाबा रे, तू गुरगुट्या भात, मेतकूट आणि वर तूप हे कॉम्बिनेशन खाल्लेलं नाहीस म्हणून बोलतोयस. खायचो मात्र रोज. परत आलो आणि साफ विसरलो.

ते आठवलं एकदम गेल्या वर्षी. कारण काही आनंदाचं नव्हतं.

आम्ही शेलूला राहतो. शेलू कुठे, हे अर्ध्या मुंबईला समजावून सांगावं लागतं. कर्जत लोकल पकडायची, बदलापूर गेलं, वांगणी गेलं की पुढचं स्टेशन. तिथे ठाणे जिल्हा संपून रायगड सुरू होतो. बहुतेक लोक नेरळ यायची वाट बघत दारात उभे असतात, त्यांच्यातून वाट काढत आम्ही चारपाच जण उतरतो. एका अंगाला माथेरानचा डोंगर, दुसऱ्या अंगाला उल्हास नदी, मध्ये भाताची खाचरं आणि खाचरांच्या मध्ये आमच्यासारख्यांच्या बिल्डिंगा. सीएसएमटीपासून ऐंशीएक किलोमीटर. लोकं विचारतात, इतक्या लांब का? बाबांमुळे. त्यांचं गाव नेरळच्या पलीकडे. अंबरनाथच्या कारखान्यात फिटर म्हणून आयुष्य गेलं, रिटायर झाल्यावर म्हणाले, मला खिडकीतून डोंगर दिसला पाहिजे. दिसतो. आई वाईची. तिला डोंगराचं कौतुक नाही, तिच्या माहेरी पुष्कळ आहेत.

तर गेल्या वर्षी संक्रांतीच्या सुमारास बाबांना पॅरालिसिसचा झटका आला. उजवी बाजू. हातपाय महिन्या-दीड महिन्यात बऱ्यापैकी हलायला लागले. बोलणं जड राहिलं, आणि गिळणं बिघडलं.

गिळणं बिघडतं म्हणजे काय होतं हे मला तोवर माहीतच नव्हतं. आपण दिवसातून शेकडो वेळा गिळतो आणि एकदाही त्याचा विचार करत नाही. घशात अन्ननलिका आणि श्वासनलिका शेजारी शेजारी. घास खाली जाताना श्वासनलिकेचं तोंड त्या क्षणापुरतं बंद व्हायला लागतं. झटक्यानंतर हे टायमिंग चुकतं. गंमत अशी की (गंमत कसली डोंबलाची) सगळ्यात धोक्याचं असतं ते साधं पाणी, कारण ते सगळ्यात जोरात पळतं, झाकण मिटायच्या आत पोचतं. बाबांना चहाच्या घोटाला ठसका लागायचा. वरणाच्या पाण्याला लागायचा. अन्न फुप्फुसात उतरलं की न्यूमोनिया, आणि या वयात न्यूमोनिया म्हणजे काय ते सांगायला नको.

स्पीच थेरपिस्ट बाई घरी यायच्या. त्यांनी एक तक्ता दिला. आयडीडीएसआय नावाची एक आंतरराष्ट्रीय पद्धत आहे, २०१३ पासून वेगवेगळ्या देशांतल्या लोकांनी बसून ठरवलेली. शून्य ते सात अशा पातळ्या. शून्य म्हणजे साधं पाणी, सात म्हणजे आपलं नेहमीचं जेवण. बाबा चौथ्या पातळीवर. चौथी म्हणजे चावायला न लागणारा, गुठळी नसलेला, एकजीव लगदा. आणि त्याची चाचणी घरी करता येते, हे मला फार आवडलं. काट्यावर घेतला तर ढीग वर राहिला पाहिजे, फटींतून सारखा गळता कामा नये. चमच्यात घेऊन चमचा कलता केला की सबंध गोळा एकदम सुटून पडला पाहिजे आणि चमचा जवळजवळ स्वच्छ राहिला पाहिजे. चमच्याला चिकटून राहिला तर नापास, कारण तो घशालाही तसाच चिकटणार.

इतका स्वच्छ लिहिलेला टेस्ट केस मला आमच्या ऑफिसात वीस वर्षांत कुणी दिलेला नाही. :-)

घरात मिक्सर सुरू झाला. वरणभात मिक्सरमध्ये, भाजी मिक्सरमध्ये, उपमा मिक्सरमध्ये. सगळं एकत्र फिरवलं की रंग एकच येतो, ओल्या सिमेंटचा. बाबा म्हणजे चवीने खाणारा माणूस. रविवारचं मटण, भाजलेला सुका बोंबील, आणि पुण्याला निघालो की कर्जतला खाली उतरणं ठरलेलं. घाटासाठी मागे इंजिनं जोडतात तेवढ्या वेळात दिवाडकरांचे वडे घेऊन, गाडी हलायच्या आत परत. त्या माणसासमोर आम्ही दिवसातून चार वेळा सिमेंटचा वाडगा ठेवत होतो. ते दोन चमचे घ्यायचे, मग ओठ घट्ट मिटून खिडकीकडे बघायचे. आईने समजावलं, नात लाडात आली, मी एकदा आवाज चढवला. काही उपयोग नाही. दोन महिन्यांत सहा किलो वजन उतरलं. थेरपिस्ट बाई म्हणाल्या, असंच चाललं तर नाकातून नळीचा विचार करावा लागेल.

त्या रात्री मला तो कॅन्टीनमधला पांढरा डोंगर आठवला.

बाईंना विचारलं, मॅश चालेल का? त्या म्हणाल्या, चालेल, पण चिकट नको. बटाटा चिकट झाला तर तो या पेशंटला सगळ्यात वाईट. वर म्हणाल्या, मिक्सरमध्ये अजिबात नका करू. का, हे त्यांनी सांगितलं नाही. मी म्हटलं हे आपण शोधू.

शोधल्यावर जे कळलं ते थोडक्यात असं. बटाट्याच्या पेशींमध्ये स्टार्चचे कण असतात. साठ-पासष्ट डिग्रीच्या पुढे ते पाणी पिऊन फुगतात. पेशीची भिंत शाबूत आहे तोवर हा सगळा माल आतच राहतो. पेशी फक्त एकमेकींपासून सुट्या होतात आणि मॅश हलका, मोकळा लागतो. मिक्सरचं पातं मात्र भिंतीच फोडतं. आतला फुगलेला स्टार्च बाहेर येतो आणि होते खळ. आपण लहानपणी पतंगाचे कागद चिकटवायला करायचो तीच, फक्त ती मैद्याची असायची. मी मुद्दाम एक उकडलेला बटाटा मिक्सरमधून फिरवून बघितला. अर्ध्या मिनिटात रबर. चमचा कलता केला, उलटा केला, झटकला. गोळा काही पडला नाही. नापास म्हणजे किती नापास!

म्हणजे बटाट्याला कापायचं नाही, दाबून बारीक भोकांतून काढायचं. परदेशात त्यासाठी वेगळं यंत्र मिळतं, वर बटाटा घालून दांडा फिरवायचा आणि खाली जाळीतून लगदा. ऑनलाइन किंमत बघत बसलो होतो तर बायको मागून म्हणाली, अरे हे तर पुरणयंत्र आहे.

अक्षरशः पुरणयंत्रच! होळीला वर्षातून एकदा माळ्यावरून निघणारं, आईच्या लग्नातलं. तीच जाळी, तेच तिरकं पातं, तोच दांडा. आणि नियमही तोच निघाला. पुरण गरम असतानाच वाटायचं, गार झालं की यंत्रात अडकतं आणि दमवतं, हे आई दर होळीला सांगते. बटाट्याचंही तसंच. गार होताना स्टार्च घट्ट होतो, मग तो दाबायला जोर लागतो आणि जोर लावला की पेशी फुटतात. जोएल रोबुशाँ म्हणून एक फ्रेंच शेफ होता (२०१८ मध्ये वारला), सगळं जग त्याचा मॅश खायला जायचं. तो बटाटे सालासकट उकडायचा, गरम असतानाच सोलायचा आणि असल्याच यंत्रातून काढायचा. किलोभर बटाट्याला पाव किलो लोणी हा त्याचा हिशोब. आई हे ऐकून म्हणाली, "एवढं लोणी घातल्यावर दगडही चांगला लागेल."

पण यंत्र द्यायला ती तयार नव्हती. बटाट्याला हरकत नव्हती, हरकत मशरूमला. नुसता बटाटा बाबांना चालणार नाही हे उघड होतं, त्यांना त्यात काहीतरी रविवारचं हवं होतं. मटणाचा रस्सा पातळ, तो घशाला धोका. म्हणून मशरूम. आईच्या माहेरी मशरूमला कुत्र्याची छत्री म्हणत आणि ती खाणाऱ्याकडे वेगळ्या नजरेने बघत. "ती छत्री आणि लसूण माझ्या नैवेद्याच्या पुरणयंत्रातून जाणार नाही. ह्यांच्यासाठी काय वाट्टेल ते करीन, पण होळीचं पुरण मी त्यात वाटायचं कसं?" हा मुद्दा मला पटला. सुदैवाने मशरूमला पुरणयंत्राची गरजच नव्हती. त्यात स्टार्चच नाही, त्यामुळे मिक्सरमध्ये कितीही फिरवा, खळ होत नाही. उलट त्याला मिक्सरच लागतो. मशरूमच्या पेशीभिंतीत कायटिन असतं, कोलंबीच्या कवचात असतं ते. शिजवून ते विरघळत नाही, म्हणून तासभर शिजवला तरी मशरूमचा तुकडा चिवटच राहतो. तो बारीकच करायला लागतो. तेव्हा वाटणी झाली: बटाटा पुरणयंत्रात, छत्री मिक्सरमध्ये, आणि दोघांची भेट पातेल्यात. आई म्हणाली, पातेलं तुझं वेगळं ठेव.

आता बटाटा कुठला? भाजीवाल्याला विचारलं तर तो फक्त नवा की जुना एवढंच सांगतो. आपल्याकडचे पुष्कळसे बटाटे 'कुफ्री' घराण्यातले. सिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेने काढलेल्या वाणांना जवळच्या कुफ्री गावावरून नाव मिळतं. कुफ्री ज्योती १९६८ सालची, वेफर्ससाठी काढलेली चिपसोना १९९८ ची. पण बाजारातल्या पोत्यावर हे कोण लिहितंय. मॅशला पिठूळ बटाटा लागतो, ज्यात स्टार्च जास्त आणि पाणी कमी. तो ओळखायची एक युक्ती वाचली: एक वाटी मीठ, अकरा वाट्या पाणी, त्यात बटाटा सोडायचा. पिठूळ बटाटा जड, तो बुडतो. पाणचट असेल तो तरंगतो. मी बादली घेऊन हा प्रयोग करत बसलो होतो, बाबा खुर्चीतून बघत होते. बऱ्याच वेळाने म्हणाले, "भा... भाताचं बी."

बरोबर! पेरणीआधी भाताचं बी मिठाच्या पाण्यात टाकतात, पोचट दाणे वर येतात ते काढून टाकायचे, तळाचं बी घ्यायचं. तीन टक्क्यांचं द्रावण, दहा लिटर पाण्याला तीनशे ग्रॅम मीठ. कर्जतच्या भात संशोधन केंद्राच्या पट्ट्यात हे शाळेतल्या पोरालाही माहीत असतं. झटक्यानंतर बाबांनी आपणहून काढलेला तो पहिला विषय होता. मीठ-पाणी पुढे दोन दिवस आमच्या घरात चाललं, गरज नसताना. :-)

कृती सांगतो, कारण काही जणांना खरंच लागेल. अर्धा किलो जुने बटाटे, सारख्या आकाराचे, सालासकट, गार पाण्यात मीठ घालून चढवायचे. उकळत्या पाण्यात टाकले तर बाहेरचा भाग आधी गळतो आणि आत कच्चा राहतो. कुकर नको, त्यात साल फुटून बटाटा पाणी पितो. मंद आचेवर अर्धा-पाऊण तास, सुरी सहज आरपार जाईपर्यंत. फडक्यात धरून गरम गरम सोलायचे (बोटं भाजतात, इलाज नाही) आणि सगळ्यात बारीक जाळीच्या पुरणयंत्रातून काढायचे. एक मिनिट पातेल्यात मंद आचेवर परतून वाफ घालवायची. मग आधी लोणी, साधारण ऐंशी ग्रॅम, आणि मग गरम दूध थोडं थोडं, पाऊण कप लागतं. लाकडी चमच्याने हलक्या हाताने. घोटायचं नाही.

मशरूम दोनशे ग्रॅमचा एक डबा. हे पांढरे बटण मशरूम नेरळला मिळतात, बदलापूरला हमखास. धिंगरी मिळाली तर तीही चालते. ती भाताच्या पेंढ्यावर वाढते, तेव्हा आमच्या भागात ती आणखी जास्त का होत नाही हे मला न सुटलेलं कोडं आहे. मशरूम बारीक चिरून जाड कढईत, आधी तेल-तूप काही नाही. नव्वद टक्क्यांच्या वर पाणीच असतं त्यात, ते सगळं सुटू द्यायचं आणि आटू द्यायचं. दहा-बारा मिनिटं लागतात आणि डब्याचं मूठभर होतं; इथे घाई करायची नाही, सगळी चव इथेच येते. मग लोणी, एक बारीक चिरलेला कांदा, तीन पाकळ्या लसूण, तपकिरी रंग येईपर्यंत. मीठ, किंचित मिरपूड. दोन चमचे दूध घालून मिक्सरमध्ये गंधासारखं वाटायचं, गाळणीतून दाबून काढायचं, मॅशमध्ये मिसळायचं. मग काटा, मग चमचा. दोन्ही चाचण्या पास झाल्याशिवाय ताट पुढे जात नाही.

मशरूमला ही मटणासारखी खोल चव का येते याचंही उत्तर जपानी लोकांनी देऊन ठेवलंय. किकुनाए इकेदा यांनी १९०८ मध्ये समुद्रशेवाळातून ग्लुटामेट वेगळं काढलं आणि त्या चवीला उमामी म्हटलं. पुढे १९५० च्या दशकाच्या अखेरीस अकिरा कुनिनाका यांनी मशरूममधल्या ग्वानिलेटचा शोध लावला. ही दोन एकत्र आली की चवीची बेरीज होत नाही, गुणाकार होतो. सुकटीच्या चिमटीने वांग्याचं जे भलं होतं ते याच जातीचं. आपल्या आज्यांना पेपर छापायचा नव्हता म्हणून नाव जपान्यांचं झालं, असो.

पहिल्या दिवशी बाबांसमोर वाटी ठेवली तेव्हा आम्ही चौघं उगाचच इकडेतिकडे कामात असल्यासारखं करत होतो. ताठ बसवलेलं, हनुवटी किंचित खाली, अर्धा चमचा. गिळलं. ठसका नाही. दुसरा. तिसरा. वाटी अर्धी झाल्यावर चमचा धरलेला माझा हात त्यांनी डाव्या हाताने थांबवला. मला वाटलं, झालं, आता तोंड मिटणार.

"मीठ," म्हणाले. "कमी."

आई पदराने डोळे पुसत मीठ आणायला आत गेली.

त्यानंतर आठवड्यातून चार दिवस मॅश. दुसऱ्या बाजूला वरणभात वेगळा वाटलेला, गाजर वेगळं, पालक वेगळा. थेरपिस्ट बाईंच्याच सांगण्यावरून आम्ही सगळं एकत्र फिरवणं बंद केलं. ताटात तीन रंग दिसायला लागले. मॅश हे मुख्य जेवण नव्हतंच, बाजूला असायचा. पण तो आहे म्हटल्यावर बाकीचंही जात होतं. मे अखेर वजन साडेतीन किलो परत आलं. नळीचा विषय पुन्हा निघाला नाही.

मग आला पाऊस, आणि बाबांनी अळंबी मागितली.

आमच्याकडे पावसाळ्यात स्टेशनच्या रस्त्याला ठाकर-कातकरी बायका रानभाज्या घेऊन बसतात. आधी शेवळं येतात, मग टाकळा, कुर्डू, भारंगी, कंटोळी. जुलै-ऑगस्टात, आणि तेही थोडेच दिवस, पानावर मांडलेली अळंबी. ही बटण मशरूमसारखी कारखान्यात होत नाही. ती वारुळावर येते. वाळवी जमिनीखाली चावलेल्या पाल्याच्या-लाकडाच्या ढिगावर बुरशीची शेती करते, त्या बुरशीला पावसाळ्यात वर छत्र्या फुटतात, खाली लांब मूळ थेट वारुळापर्यंत. वाळवीशिवाय ही अळंबी पिकवणं अजून कुणाला धंद्याच्या प्रमाणात जमलेलं नाही. गोव्यात तिला वारुळावरूनच रोणी अळमी म्हणतात आणि तिथे तिचे भाव ऐकून घाम फुटतो.

इथे एक गोष्ट जरा मोठ्याने सांगतो. रानातली छत्री स्वतः तोडून आणू नका. विषारी जाती दिसायला अगदी साध्या असतात, त्यातल्या सगळ्यात घातक प्रकारांचं विष शिजवून जात नाही, आणि लक्षणं सहा-सहा, बारा-बारा तासांनी दिसतात. चांदीचा चमचा काळा पडतो, लसूण काळा पडतो, किडे लागलेली असेल तर चांगली, या सगळ्या गोष्टी खोट्या आहेत. फोटो बघून ओळखता येत नाही. म्हणून मी इथे तिचं वर्णनही करणार नाही.

मी घेतली ती ओळखीच्या मावशींकडून, पंधरा वर्षं आम्ही त्यांच्याकडून भाजी घेतो. "वारुळावरची हाय दादा, आमी सोता खातो," त्या म्हणाल्या. "पन आता लांब जावं लागतं. हितली वारुळं जेसीबीनं काढली ना सगली." हे म्हणताना त्यांनी हात केला तो आमच्या बिल्डिंगेच्या दिशेने. मी काही बोललो नाही. काय बोलणार? त्या फ्लॅटचे हप्ते मीच भरतो. पलीकडच्या प्लॉटवरही पत्रे लागलेत, त्यावर स्विमिंग पूलचं चित्र आहे.

थेरपिस्ट बाईंना फोन केला. त्या म्हणाल्या, खात्रीच्या माणसाकडची असेल तरच, आणि पोत तोच हवा, जरासुद्धा इकडेतिकडे नको. घरी आल्यावर बाबांनी पान मांडीवर ठेवायला लावलं. डाव्या हाताने एक एक अळंबी उचलायची, खालून बघायची, मूळ चिमटीत धरायचं, वास घ्यायचा. हे पोरपणी आजीबरोबर रानात जाऊन शिकलेलं. पंधरा मिनिटं हे चाललं. दोन बाजूला काढल्या. "शिळी," म्हणाले. बाकीच्या माझ्याकडे सरकवल्या. सहा महिने त्या खोलीत सगळे निर्णय आम्ही घेत होतो, औषधाचे, व्यायामाचे, कधी झोपायचं त्याचे. त्या दिवशी अळंबीचा निर्णय त्यांचा होता, आणि तो निर्णय खरोखर त्यांनाच घेता येत होता. मला आणि आईला त्यातलं ओ की ठो कळत नव्हतं.

कृतीही त्यांनीच सांगितली, तुटक तुटक. कांदा, लसूण, हळद, सुकं खोबरं भाजून, आणि घरचा मसाला. मसाल्याला मी अडलो, कारण तिखटाने ठसका लागतो. पाव चमच्यावर तह झाला. मग तेच, मिक्सर, गाळणी, मॅश, काटा, चमचा. रंग आला फिका हळदी. बटण मशरूमपेक्षा वास वेगळाच, पहिल्या पावसातल्या मातीचा आणि थोडा मांसाचा. बाबांनी वाटी संपवली आणि मग त्या मॅशबद्दल नाही, आजीबद्दल बोलले. अर्धं कळलं, अर्धं नाही. नातीला सगळं कळलं असं ती म्हणते.

आईने त्या दिवशीही अळंबी खाल्ली नाही. पुरणयंत्र मात्र आता माळ्यावर जात नाही, ओट्याखालीच असतं.

गेल्या महिन्यात बाबा पाचव्या पातळीवर आले. म्हणजे आता बारीक तुकडे चालतात, चार मिलिमीटरपर्यंत. ते मोजायचं कसं? साध्या काट्याच्या दोन दातांमधली फट साधारण तेवढीच असते. त्या फटीत मावला तो पास. त्यामुळे मशरूम आता मिक्सरमध्ये जात नाहीत, सुरीनेच बारीक होतात, मऊ ओलसर ठेवून. उरलेल्या मॅशचं बायको दुसऱ्या दिवशी पॅटिस करते, रव्यात घोळवून, आमच्यासाठी. परवा ते तव्यावर असताना बाबा खुर्ची ओढत स्वयंपाकघराच्या दारापर्यंत आले आणि कडेचं कुरकुरीत तपकिरी कवच बोटाने दाखवलं. ते अजून चालत नाही. गुरुवारी बाईंची व्हिजिट आहे. त्यांना विचारायच्या प्रश्नांची यादी फ्रीजवर लावलीय. सगळ्यात वर बाबांनी डाव्या हाताने, वाकड्या अक्षरात 'वडा' लिहिलंय आणि खाली दोन रेघा मारल्यात.